बेबी नलूचं रडणं

४ मार्च १९८५, सोमवार

रागात लिहितेय. अक्षर बघवत नाही.

जाहिरात एजन्सीची माणसं आली होती. सगळे पुरुष, मी एकटी बाई. हॅरल्डने ओळख करून दिली, "ही आमची व्हाइस प्रेसिडेंट, फर्स्ट एड डिव्हिजन हिच्याकडे. आणि बरं का, लहानपणी ही इंडियात मूव्ही स्टार होती. बेबी नालू!" टाळ्या. एकाने विचारलं, "कॅन यू क्राय ऑन क्यू?" सांगितलं की लगेच रडता येतं का, म्हणे. सगळे हसले. मीही हसले. त्याचाच राग जास्त येतोय.

बॉसला हे सांगितलं कोणी? श्रीने. ख्रिसमस पार्टीत, वाइन घेतल्यावर. माझा नवरा भूलतज्ज्ञ. दिवसभर लोकांना गप्प करतो, स्वतःला मात्र जमत नाही.

ज्या जखमेच्या पट्टीची ही जाहिरात, ती माझी आहे. लॅबमध्ये साधी केमिस्ट होते तेव्हापासून त्या गोंदाच्या मागे लागलेय. स्वतःच्या हाताला चिकटवून, ओढून, कातडी लाल करून घेतलीये. लहान मुलांना न दुखता निघणारी पट्टी. आणि तिच्याच मीटिंगमध्ये माझी ओळख काय, तर बेबी.

जाहिरात अशी: मुलगी सायकलवरून पडते, रडते, आई पट्टी लावते, मुलगी हसते. ह. म्हणाला, शूटिंगला तू हवीसच. यू नो धिस स्टफ.

हो. नको तितकं.

९ मार्च, शनि.

देसाईकाकांकडे पॉटलक. मी छोले नेले. आईला नेलं, इंडियातून आल्यापासून ती महिनाभर घरात बसून कंटाळली होती, बर्फाकडे बघून बघून. मीता पण आली, तोंड पाडून. ("देअर विल बी नो किड्स माय एज, आई.")

जेवणं झाल्यावर काका म्हणाले, सरप्राइज! पुण्याहून भाच्याने व्हिडिओ कॅसेट पाठवली होती. माझा सिनेमा. तोच. आईला आधीपासून माहीत होतं, हे तिच्या चेहऱ्यावरून कळलं. चांगली पैठणी नेसून आली होती. मी विचारलंसुद्धा होतं, पॉटलकला पैठणी कशाला? "असू दे गं."

ओहायोमधल्या एका बेसमेंटमध्ये पंचवीसेक डॉक्टर-इंजिनियर शॅगी कार्पेटवर मांडी घालून बसले आणि मी रडलेली बघायला लागले. टांगा निघतो, आई टांग्यात, मुलगी मागे धावते. "आई, मी शहाण्यासारखी वागेन गं!" काकू डोळे पुसायला लागल्या. काकांनी रिवाइंड करून परत लावलं!

मग कोणीतरी म्हणालं, नलूताई, म्हणून दाखवा ना एकदा. मी म्हटलं, नाही. मंडळी म्हणाली, असं काय, आपलीच माणसं. मी उठून भांडी घासायला गेले. मागून आईचा आवाज, "लाजते हो ती. पण तेव्हा एका टेकमध्ये अख्खं युनिट रडवलं होतं."

 घरी आल्यावर आई म्हणाली, "मीताचा चेहरा पण कॅमेऱ्याचा आहे बघ."

मी म्हटलं, "आई, हे वाक्य पुन्हा माझ्या घरात बोललीस तर परतीचं तिकीट अलीकडचं करून देईन."

वाईट बोलले. मागे घेणार नाही.

१४ मार्च, गुरु.

सगळं नीट लिहून ठेवते. उद्या लोक माझ्या तोंडी काहीही घालतील.

कोलंबसमधला स्टुडिओ. आत खोटं अंगण, खोटा फुटपाथ, गवत खरं. केली नावाची मुलगी, सात वर्षांची, दोन वेण्या, समोरचा एक दात पडलेला. गोड आणि एकदम व्यवस्थित. माझ्याशी हात मिळवला. तिची आई डेबी, मोठी बाई, गळ्यात स्टॉपवॉच. कशाला, कुणास ठाऊक.

पडणं छान झालं. रडणं होईना. केली तोंड वाकडं करायची, आवाज काढायची, डोळे कोरडे. लाइट्समुळे सगळे घामाघूम. मी म्हटलं, मेकअपवालीकडे ग्लिसरीनचे थेंब असतील ना? डायरेक्टर म्हणाला, क्लोज-अपला खोटं दिसतं. आणि मग डेबीकडे वळून, अगदी सहज, जसं कोणी मीठ मागावं तसं: "मॉम, वूड यू?"

डेबी गेली. वाकली. मी केबलपाशीच उभी होते, मला ऐकू आलं. "बस्टरला आज नेऊन दिलं. घरी गेलीस की तो नसेल."

बस्टर म्हणजे कुत्रा. सकाळी तिने मला त्याचा फोटो दाखवला होता.

केलीचा खालचा ओठ हलला. हनुवटीला खळगे पडले. डेबी बाजूला झाली आणि डायरेक्टर हळूच म्हणाला, रोल.

मी ओरडले, "कट!"

क्लायंट कट म्हणत नाही. तो शब्द एकाच माणसाचा असतो, हे मला सहाव्या वर्षापासून माहीत आहे. सगळे जागच्या जागी. मी म्हटलं, आजचं शूटिंग बंद. डायरेक्टरने टोपी काढून जमिनीवर आपटली. "तेच होतं ते! तेच हवं होतं!" डेबी माझ्यावर धावून आली, "हू डू यू थिंक यू आर?" मी केलीला सांगितलं, बस्टर घरीच आहे. ती माझ्याकडे बघतच राहिली. कृतज्ञतेने वगैरे नाही. मी तिच्या हातातलं काही हिसकावून घेतल्यासारखी.

घरी आले, कोट न काढता जिन्यावर बसले.

ते टांग्याचं. कोल्हापूरच्या बाहेरचा रस्ता. मी सात वर्षांची. मला रडू येत नव्हतं. डायरेक्टरसाहेब खाली बसले आणि म्हणाले, "नलू, तुझी आई खरंच चाललीय. तुला आमच्याकडे ठेवून. परत येणार नाही." मी हसले. मग टांगा हलला, आणि आई वळून बघेना. मी हाका मारतेय, आणि ती वळून बघत नाहीये.

संवाद कोणी लिहिला होता, सगळे विचारतात. कोणी नाही लिहिला. मी शहाण्यासारखी वागेन गं, हे मी तिला सांगत होते. खरंखुरं.

एवढ्या वर्षांत आईला कधी विचारलं नाही, तुला माहीत होतं का. मी समजून चालले की साहेबांनी तिलाही फसवलं असेल, टांग्यात बसा, वळू नका, एवढंच सांगितलं असेल. साहेबांवर राग धरणं सोपं होतं. ते वारले.

१५ मार्च, शुक्र.

हॅरल्ड. दार लावून घेतलं त्याने.

"लिनी, यू गॉट इमोशनल." (माझं पूर्ण नाव त्याला कधी जमलं नाही.)

मी म्हटलं, तुम्ही गेल्या वर्षी प्लांटमध्ये फोन फेकला होतात, त्याला काय म्हणायचं? तो म्हणाला, ते वेगळं. मी म्हटलं, माझ्या प्रॉडक्टसाठी मुलाला खोटं सांगून रडवायचं नाही. खोक्यावर 'नो मोअर टीअर्स' छापायचं आणि जाहिरातीत आपण हे करणार? तो म्हणाला, "इट्स नॉट युअर प्रॉडक्ट. इट्स द कंपनीज." मग आवाज खाली आणून म्हणाला की वरच्या मजल्यावर माझं नाव चाललंय, ग्रुप प्रेसिडेंटसाठी, आणि लोक विचारतायत की ही बाई दडपणाखाली टिकते का.

दडपण! तापात पावसाच्या सीनसाठी टँकरखाली उभी केलीये मला. याला काय सांगायचं.

 सांगायला हवं होतं.

१८ मार्च, सोम.

रिसेप्शनवरून फोन, एक बाई आणि मुलगी आल्यात, अपॉइंटमेंट नाही. डेबी आणि केली. शाळा बुडवून.

मी तयारीत होते. डेबीला काय काय सुनवायचं ते सगळं तोंडात होतं. तिने बोलूच दिलं नाही. तिच्याकडे सलूनमधली नोकरी, नवरा नाही, आणि या मुलीला आजवर पहिल्यांदा मोठं काम मिळालेलं. एजन्सी आता म्हणते केली 'डिफिकल्ट' आहे. "तुम्ही बंद केलंत आणि नाव तिचं खराब झालं. तुम्हाला काय, तुम्ही तुमच्या मोठ्या ऑफिसात परत आलात."

हे मात्र खरं होतं. मी केलीला म्हटलं, सॉरी, तुला त्रास झाला. आईने तसं सांगायला नको होतं.

केली खुर्चीत नीट बसली आणि म्हणाली, "आय न्यू शी वॉज लाइंग. बस्टर तर आजीकडेच जातो नेहमी. मॉम दर वेळी तेच सांगते. मी फक्त विचार करते की खरं असतं तर? आणि मग येतं. येतच होतं. तुम्ही कट केलंत."

सात वर्षांची मुलगी. माझ्यावर भडकलेली. आणि बरोबर.

"दर वेळी तेच सांगते" हे ती इतक्या साधेपणाने बोलली की मला डेबीवर परत चिडायचं होतं, पण डेबी रडत होती. मी टिश्यूचा बॉक्स पुढे केला. एजन्सीला फोन करून स्पष्ट सांगितलं, मुलीचा काही दोष नाही, सगळं माझं. ते "शुअर, शुअर" म्हणाले. त्या शुअरचा अर्थ मला कळतो.

२० मार्च, बुध.

श्रीला सगळं सांगितलं. म्हणाला, "तू त्या बाईवर चिडलीयेस की आईंवर?"

मी म्हटलं, दोघींवर, आणि तुझ्यावर पण.

"मग विचार ना एकदा त्यांना. मी मीताला घेऊन शनिवारी लायब्ररीत जातो."

नवरा शहाणा निघाला की आणखी राग येतो.

२३ मार्च, शनि.

विचारलं.

आई किचन टेबलाशी मीताच्या स्कर्टची उसवलेली शिवण घालत होती. मी समोर बसले. "आई, टांग्याच्या दिवशी साहेब मला काय म्हणाले ते तुला माहीत होतं?"

तिने वर न बघता म्हटलं, "मीच सांगितलं त्यांना, तसं म्हणा."

असं. सुई न थांबवता.

"तू सकाळपासून रडत नव्हतीस. उजेड चालला होता. युनिट खोळंबलेलं. तुझे बाबा अंथरुणात, ही फिल्म गेली असती तर पुढची कोण देणार होतं? मी म्हटलं, ही फक्त एकाच गोष्टीला घाबरते."

मी काय बोलले ते नीट आठवत नाही. मोठ्याने बोलले. मी सात वर्षांची होते असं काहीतरी. त्यानंतर वर्षभर मी तुझा पदर धरून झोपायचे, तुला कळत नव्हतं का? ती म्हणाली, कळत होतं. मी म्हटलं, मग? ती म्हणाली, "मग काय, नलू? पदर देत होते की."

तेवढ्यावर थांबली असती तर बरं झालं असतं. थोड्या वेळाने म्हणाली,

"पण सिनेमात आहे तो टेक तो नाहीच."

"म्हणजे?"

"पहिल्या वेळी टांग्याचा घोडा बुजला. सगळं वाया गेलं. मी उतरून आले, तुला जवळ घेतलं, सांगितलं, गंमत होती गं. तू बराच वेळ हुंदके देत होतीस. मग साहेब म्हणाले, आता पुन्हा कसं करायचं? आता तर हिला माहीत झालं. आणि तू डोळे पुसून म्हणालीस, मी करते. आणि केलंस. अगदी तसंच, त्याच वाक्यासकट. झाल्यावर धावत येऊन मला विचारलंस, 'बरोबर रडले ना गं आई?'"

मला यातलं काहीही आठवत नाही. घोडा नाही, गंमत नाही, डोळे पुसणं नाही. मला एकच टांगा आठवतो.

मी म्हटलं, तू खोटं बोलतेयस. स्वतःला सोडवायला.

आईने सुई कापडात टोचून ठेवली. "मी स्वतःला कशाला सोडवू? पहिल्या वेळचं कबूल केलं ना तुझ्यापाशी. दुसऱ्या वेळचं तुझं आहे, ते मी कशाला घेऊ? लोकांना मी इतकी वर्षं काय सांगते, माझी मुलगी कलावंत होती. तुला वाटतं मी मिरवते. मी खरं सांगत असते."

उठून कोट घातला आणि बाहेर चालत सुटले. फुटपाथ आमच्या वसाहतीत मध्येच संपतो. तिथे उभी राहिले. शेजारच्यांनी गाडी थांबवून विचारलं, आर यू ओके? फाइन, फाइन.

२४ मार्च, रवि.

देसाईकाकांकडून कॅसेट मागून आणली. काकू खूश, "घरी बघणार का सगळे?" हो म्हटलं.

एकटीने पाहिली. म्हणजे तसं वाटलं होतं, मीता मागे कधी येऊन बसली कळलं नाही.

पुन्हा पुन्हा लावली. घोडा शांत आहे. पण पहिल्या टेकचा घोडाही आधी शांतच असेल, त्यावरून काय कळणार? चेहरा बघितला. अश्रू खरे आहेत. आवाज फाटलाय. मी जिंकले असं वाटलं. अशी कोणती मुलगी अभिनय करते?

मग पाय बघितले. मुलगी धावते, ठेचकाळते, आणि थांबते. कुठे थांबते? रिफ्लेक्टरचा उजेड जिथे पडलाय तिथे. बरोबर मध्ये. चेहरा वर करते, कॅमेऱ्याच्या अंगाला, टांग्याच्या नाही. टांगा तर डावीकडे गेलाय.

जिला आई खरोखर सोडून चाललीय, ती मुलगी उजेडात थांबत नाही.

किंवा थांबते. वर्षभर तेच शिकवलं असेल तर पाय आपोआप थांबत असतील. मला माहीत नाही. विचारायला आता आईशिवाय कोणी उरलेलं नाही.

मीताने विचारलं, "इज शी ऍक्टिंग?"

"माहीत नाही."

"बट इट्स यू!"

"हो."

आणि समजा, आई म्हणते तसंच झालं. समजा, तो टेक माझा. मग पहिल्याचं काय? पहिला झाला म्हणूनच दुसरा जमला ना. आधी मुलीला खरंखुरं मोडायचं, मग तिने स्वतःला जोडून दाखवलं की टाळ्या. कलावंत! मला तो मान नकोय. आणि मला तो हवा पण आहे, हेच सहन होत नाही. टेप बाहेर काढताना बोट चेमटलं.

२६ मार्च, मंगळ.

ह.चा निरोप नाही, ह. स्वतः आला. शुक्रवारी पुन्हा शूटिंग. मला यायचं असेल तर यावं, नसेल तर मार्केटिंगचा माणूस जाईल. "बट देन, लिनी, लेट हिम हॅव द प्रॉडक्ट टू."

मी म्हटलं, येते. अटी माझ्या. मुलीच्या कानात कोणी काही सांगणार नाही. तिची आई सेटबाहेर. रडू आलं नाही तर थेंब. आणि मुलगी केलीच हवी.

"आणि ते चांगलं दिसलं नाही तर?"

"तर माझ्या नावावर."

"इट ऑलरेडी इज," म्हणाला आणि गेला. जाताना दार उघडं टाकलं. मुद्दाम.

२९ मार्च, शुक्र.

झालं.

डेबी बाहेर बसली, माझ्याकडे न बघता. स्टॉपवॉच गळ्यात होतंच. केलीने या वेळी हात मिळवला नाही. डायरेक्टर माझ्याशी इतका अदबीने बोलत होता की कानाखाली वाजवावीशी वाटली. ह. मागे खुर्ची टाकून बसलेला. आजवर तो कधी शूटिंगला आला नव्हता.

केली पडली, छान पडली. रडायला लागली. आलं नाही. पुन्हा. आलं नाही. गवतावर बसून घट्ट डोळे मिटून प्रयत्न करत होती, मुठी आवळून. सगळे गप्प, कोणीही काही म्हणेना. माझ्याच अटीमुळे.

मी जवळ जाऊन बसले. म्हटलं, नाही आलं तर नाही. थेंब घालू.

"दॅट्स चीटिंग," केली म्हणाली. आणि मग माझा हात धरून, अगदी कामाचं बोलावं तसं, "तुम्ही सांगा ना. समथिंग बॅड. मॉम नाहीये तर तुम्ही सांगा."

मला सांगता आलं असतं. काय सांगायचं, किती हळू, आणि सांगून झाल्यावर कधी बाजूला व्हायचं, सगळं मला त्या क्षणी माहीत होतं. जिभेवर होतं. तिच्या आईपेक्षा चांगलं जमलं असतं.

"नाही," मी म्हटलं. "नाही सांगणार."

तिने हात सोडला. "देन व्हाय डिड यू कम?"

मेकअपवालीने थेंब घातले. टेक झाला. डायरेक्टर "ग्रेट" म्हणाला, त्याला ग्रेट वाटलं नव्हतं. केली बाहेर जाऊन डेबीच्या कुशीत शिरली आणि तिथे मात्र ढसाढसा रडली. ते बघायला कॅमेरा नव्हता. डेबीने माझ्याकडे पाहिलं. ती नजर कशी होती ते मी अजून ठरवतेय.

ह. कोट घालत म्हणाला, "मंडे. आम्ही सगळे बघू, मग ठरवू." जाहिरातीबद्दल की माझ्याबद्दल, विचारलं नाही.

घरी आई दारातच. "कसं झालं? रडली का पोर?"

"नाही. थेंब घातले."

आईने माझ्यामागे दार लावलं. मग म्हणाली, "कळतं गं ते पडद्यावर."

"माहीत आहे मला!" मी इतक्या जोरात ओरडले की मीता वरून खाली आली.

आई हलली नाही. "जेवून घे," म्हणाली.

मी कोट घालूनच टेबलाशी बसले. तिने वाढलं. मी खाल्लं. समोर बसून माझ्या चेहऱ्याकडे बघत होती, लहानपणी शूटिंगहून आल्यावर बघायची तशीच, आणि मला कळेना की ती काळजीने बघतेय की पुढचा टेक जमेल का ते जोखतेय.